सात पळ्या पाणी

पाण्याचा इतका राग मी आयुष्यात कधी केला नव्हता. दोन्ही किडन्या निकामी झाल्या, आठवड्यातून दोनदा डायलिसिस सुरू झालं आणि डॉक्टरांनी माझं दिवसभराचं पाणी अर्ध्या लिटरच्या बाटलीत बसवलं. ती बाटली सकाळी दहालाच संपायची. मग बायकोची पाठ वळली की मी माठावर जायचो. चोरून प्यायलेलं ते पाणी पायांवर, चेहऱ्यावर आणि शेवटी फुप्फुसांत उतरलं. एकदा तर उस्मानपुऱ्यातल्या घरापासून दवाखान्यापर्यंत रिक्षात मी श्वासासाठी तडफडत गेलो. ज्याच्या डोक्यावर अखंड अभिषेक चालतो, त्या देवाला तहान काय कळणार, असं वाटायचं. पूजा मी सोडूनच दिली होती.

त्या दिवशी डायलिसिस चालू असताना मी सिस्टरांकडे घोटभर पाण्यासाठी गयावया करत होतो. शेजारच्या खाटेवर पाचोडच्या एक म्हाताऱ्या मावशी होत्या. त्यांनी विचारलं, "भाऊ, पाणी कसं पेता तुमी?"

"कसं म्हणजे? घटाघटा."

"मंग जिभेला कळंल कसं?" त्यांनी पिशवीतून पूजेची पितळी पळी काढली. "म्या हिच्यानं पेते. एका पळीला एका नदीचं नाव. पाणी जिभेवर धरायचं, मनात नाव घ्यायचं, मंग गिळायचं. सात झाल्या की बास. लई निवतो जीव."

मला हसूच आलं. पण दुपारी घरी आल्यावर तहानेनं जीव कासावीस झाला, तेव्हा देवघरातली पळी घेऊन बसलो. गंगा. यमुना. गोदावरी म्हणताना थबकलो. आपल्या नळाला पैठणहून येतं ते तिचंच पाणी. जन्मभर प्यालो, नाव आज घेतलं. कावेरीला पोचेपर्यंत डोळे भरून आले होते. माठ हाताशी होता, तरी हात गेला नाही.

पुढच्या खेपेला वजन करताना सिस्टर म्हणाल्या, "काका, या वेळी पाणी कमी चढलंय!" हे सांगायला मावशींना शोधलं. त्यांचा वार बदलला होता. पुन्हा भेट झाली नाही. त्यांना कुणी पाठवलं, हे मी मनातल्या मनात जाणतो आणि हात जोडतो.

परवा बायकोसोबत पैठणला गेलो. घाटाच्या पायरीवर बसून ओंजळ भरली. घसा कोरडाच होता. बायको धास्तावून बघत राहिली. मी ओंजळ कपाळाला लावली आणि अर्घ्य म्हणून नदीला सोडली. आजार आहे तसाच आहे. पण आपलं म्हणून जे घट्ट धरलं होतं, ते तिचं तिला देताना फार हलकं वाटलं. ओले तळवे चेहऱ्यावरून फिरवले आणि बायकोला म्हटलं, "चल, भूक लागलीय."