आठवणीला भूक लागते का

पाळकसाहेब पहिल्यांदा माझ्या दारात आले तेव्हा मिरचीचा हंगाम होता. आमच्या घरामागच्या पथारीवर मिरची वाळत होती, वारा घराकडे होता, आणि नंदुरबारात त्या दिवसांत पाहुण्याचं स्वागत खोकल्यानेच होतं. डोळे पुसत त्यांनी विचारलं, "सर, तुम्ही कॉलेजात सत्तामीमांसा शिकवायचात ना?"

"शिकवायचो," मी म्हणालो. "म्हणजे ती मेली कशी, तेवढंच शिकवायचो."

ते हसले नाहीत. नवापूरकडच्या एका गावात ते चर्च सांभाळत होते आणि घरी बसून ईश्वरशास्त्राची पदवी करत होते. तिथे नेमका हाच विषय पुन्हा अभ्यासाला आला होता. जे आहे ते 'आहे' म्हणजे नेमकं काय, असा हा विषय. आमच्या सरांनी तो आम्हाला दिवंगत नातेवाइकासारखा शिकवला, आदराने, पण परत यायचा नाही या खात्रीने. जे तपासता येत नाही त्याबद्दल बोलणं म्हणजे हवेत लाठी फिरवणं, असं ते म्हणत. आम्ही टाळ्या वाजवत असू. पुढे चाळीसगाव ते सुरत एवढ्या पट्ट्यात माझ्याइतका कडक नास्तिक सापडला नसता, असा माझा तोरा होता.

पाळकसाहेबांच्या पुस्तकांतून मला कळलं, की मयताची मंडळी स्मशानातून परतल्यावर मयत उठून घरी आलं होतं. चांगले कडक तर्क करणारे लोक पुन्हा विचारत होते: गेलेला काळ खरंच नाहीसा होतो, की तो आहेच आणि आपण फक्त पुढे आलोय? वस्तू म्हणजे तिच्या तुकड्यांची बेरीज, की आणखी काही? ईश्वरशास्त्रातही तेच. मधली बरीच वर्षं तिथले विद्वान देवाला 'प्रतीक' म्हणून वेळ निभावत होते. आता काहीजण पुन्हा धिटाईने म्हणत होते की देव आहे, आणि बाकी जे काही आहे ते त्याच्या असण्यातूनच आहे. मला पटलं नाही. पण मजा यायला लागली, आणि या वयात मजा येते हेच मला नवल होतं.

दर शनिवारी ते रेल्वेने यायचे. माझी घरची बोली अहिराणी, त्यांची मावची, त्यामुळे आम्ही शाळेतल्या मराठीत भांडायचो. बायको चहा ठेवत म्हणायची, "इतला दिन व्हई ग्यात, देव शे का नही ते ठरनं का तुमनं?"

"अजून 'शे' म्हंजे काय, तेच चाली ऱ्हायनं," मी म्हणायचो. अहिराणीत 'शे' म्हणजे 'आहे'.

"मंग जेवाले बी आठेच थांबा," ती पाळकसाहेबांना म्हणायची, आणि ते थांबायचे.

एका शनिवारी मात्र ते जेवले नाहीत. ताटातल्या भाताकडे बघत राहिले. बायकोने विचारलं तेव्हा त्यांचा बांध फुटला.

त्यांच्या घरी येशूची प्रार्थना सुरू झाली त्याआधीच त्यांचे वडील वारले होते. आईने पुढे बाप्तिस्मा घेतला, मुलगा पाळक झाला, पण एक गोष्ट तिने सोडली नाही. नवं भात घरात आलं की ते शिजवून पहिला वाटा पळसाच्या पानावर नवऱ्यासाठी बांधावर ठेवायचा, आणि त्यानंतरच घरच्यांनी नवं खायचं. चर्चच्या पंचांना ते खटकायचं. तेही वाईट लोक नव्हते. जुनं सोडताना त्यांनीही घरोघरी रडारड सोसली होती. आईवर बोलणी येऊ नयेत म्हणून पाळकसाहेबांनी उपदेशात सांगून टाकलं, की ही पूजा नव्हे, ही फक्त आठवण आहे, एक प्रतीक आहे. पंच खूश झाले. प्रकरण मिटलं.

आई त्या रविवारी घरी आली आणि तिने विचारलं, "आठवणीला भूक लागते का?"

तेव्हापासून ती मुलाशी बोलत नव्हती, चर्चला जात नव्हती. यंदा तिने पान ठेवलं नाही. आणि पान ठेवलं नाही म्हणून नवंही खाल्लं नाही. घरात कणगी नव्या भाताने भरलेली, आणि म्हातारी रेशनचा तांदूळ शिजवून खात होती. छातीचं दुखणं होतं, अंगात काही राहिलं नव्हतं.

"ती अशीच गेली तर?" पाळकसाहेब म्हणाले. "सर, मी तिच्या बाजूने बोललो होतो हो."

मला त्यांची फार दया आली, आणि आमच्या अख्ख्या पिढीचा रागही आला. कुणाला दुखवायचं नाही म्हणून आम्ही जे-ते प्रतीक करून ठेवलं. त्यात आम्हाला शहाणपण वाटायचं. त्या म्हातारीला आम्ही दुसऱ्यांदा विधवा केलं होतं.

"तुम्हाला काय वाटतं ते सांगा," मी म्हणालो. "पुस्तकातलं नको. वडील आहेत का?"

त्यांनी ताट बाजूला सरकवलं. मग म्हणाले, "पुढच्या रविवारी या. एकट्याने बोलायची छाती होत नाही."

रविवारी मी चर्चमध्ये मागच्या बाकावर बसलो. आयुष्यात पहिल्यांदाच. हंगामाची उपकारस्तुती होती, पुढे लोकांनी आणलेल्या भाताच्या टोपल्या होत्या. पाळकसाहेब टोपल्यांमागे उभे राहिले. सगळ्यांना कळावं म्हणून ते आधी मावचीत आणि मग मराठीत बोलले. "माझ्या आईच्या पानाला मी नुसती आठवण म्हणालो होतो. ते चुकलं. देवाने ज्याला एकदा असणं दिलं, त्याला तो पुसून टाकतो असं मी मानत नाही. माझा बाप कुठे आहे, कसा आहे, मला माहीत नाही. पण तो आहे."

एक वयस्कर पंच उभे राहिले. "म्हणजे आता सगळ्यांनी बांधावर पानं ठेवायची का?"

"ते मी सांगत नाही," पाळकसाहेब म्हणाले. "मी एवढंच सांगतो, की तो आहे."

पंच उभेच राहिले. मला वाटलं, गेली पाळकसाहेबांची चाकरी. मग पंच हळूच म्हणाले, "माझी मोठी मुलगी पण बाप्तिस्म्याआधीच गेली," आणि खाली बसले. पुढे गाणं सुरू व्हायला वेळ लागला.

मी आणि पाळकसाहेब त्यांच्या घराकडे निघालो तेव्हा चर्चमधल्या बायका आमच्या पुढे निघून गेल्या होत्या, त्यामुळे बातमी आधीच पोचली होती. चूल पेटलेली होती. नव्या भाताचा वास अंगणात येत होता. म्हातारी बांधाकडून काठी टेकत येत होती, दुसरा हात मोकळा होता. माझ्याकडे तिने फक्त पाहिलं. मी पुस्तकं वाचतो एवढं तिला माहीत असावं, आणि त्यापलीकडे तिला माझ्याशी काही कर्तव्य नव्हतं.

तिने आम्हा दोघांना वाढलं, मग स्वतःला. पाळकसाहेबांना घास उचलवेना. कित्येक महिन्यांनी ती मुलाशी बोलली. मावचीतच बोलली, पण इतकं सोपं होतं की मलाही कळलं.

"जेव," ती म्हणाली. "तुझा बाप जेवतोय."