हळद लावलेलं पत्र

लहानपणी मी कशी होते असं कुणी विचारलं, तर मी दमलेली होते, एवढंच मला सांगता येईल. हुशार वगैरे लोक नंतर म्हणायला लागले. दोन-तीन भाषा येतात म्हणून आता माझं कौतुक होतं. कौतुकाला काय जातं? त्या भाषा ज्या पोरीच्या पाठीवर लादल्या होत्या, तिची पाठ कुणी बघितली नाही.

आमचं घर विणकराचं. नायना, म्हणजे आमचे वडील, निजामाच्या मुलखातलं आपलं तेलुगू गाव सोडून सोलापुरात आले, ते मागावर पोट भरतं हे ऐकून. पहाटे मिलचा भोंगा झाला की ते मागाच्या खड्ड्यात पाय सोडून बसायचे. त्यांना रहाटावर सुताच्या कांड्या भरून द्यायला आई, अक्का आणि मी. दहाच्या सुमारास मी रहाटावरून उठायची, हातपाय धुवायची आणि शुक्रवार पेठेतल्या मुलींच्या शाळेत जायची. तिथं सगळं मराठी. पोरी मला तेलंगी म्हणायच्या, मी त्यांना जे म्हणायची ते इथं लिहिण्यासारखं नाही. शाळा सुटल्यावर पुन्हा रहाट. मध्येच नायना सूत आणायला रंगाऱ्याकडे पिटाळायचे, त्याच्याशी दखनी बोलायचं. आणि दिवेलागणीला आमच्या लोकांच्या देवळात तेलुगूचा वर्ग.

तो वर्ग म्हणजे नायनांचा जीव की प्राण. गल्लीतल्या कर्त्या माणसांनी मिळून गावाकडून एक पंतुलु आणले होते. पंतुलु म्हणजे आमच्यातले मास्तर. पोटासाठी मुलूख सोडला, म्हणून जीभ पण सोडायची काय, असं नायना म्हणायचे. त्यांना स्वतःला सही येत नव्हती. आईला अक्षर म्हणजे काळं, एवढंच ठाऊक. अक्का माझ्याहून पाच वर्षांनी मोठी, तिला शाळेचं दार दिसलंच नाही, कारण एकीनं शिकायचं तर दुसरीनं तिच्या वाटणीच्या कांड्या भरायच्या, असा घरातला न्याय होता. म्हणजे मी शिकत होते ते अक्काच्या हातांवर. हे मला तेव्हा कळत होतं असं मी म्हणणार नाही. कळलं असतं तर पुढचं केलं नसतं.

मी वर्गात जात नव्हते. घरून निघायची, देवळाला वळसा घालायची, मागच्या पायऱ्यांवर गुडघ्यात डोकं घालून झोपायची. ओवरीत पोरांचा घोष चालायचा, तो ऐकत डोळा लागायचा. पंतुलु पोरांना हाकता हाकता बेजार, मागं बसणारी एक पोरगी आली काय नि गेली काय. घोष थांबला की मी जागी व्हायची आणि घरी जायची. "आज काय शिकवलं?" नायना विचारायचे. ऐकलेलं तोंडपाठ असायचंच, ते म्हणून दाखवायची. नायना मागावरनं मान डोलवायचे. दोन वर्षं हे चाललं आणि मला त्याचं काही वाटलं नाही. झोप मिळत होती.

मी चौथीत असताना अक्काला गल्लीतलं एक स्थळ आलं. माणूस बिजवर, पहिलीचं एक लहान मूल, घरचे दोन माग. वाईट नव्हता, पण अक्कापेक्षा खूप मोठा. आईच्या मनात मात्र तिच्या भावाचा मुलगा होता. आमच्यात मामाच्या घरात मुलगी द्यायची रीत, शिवाय नायना-आई सोलापुरात बस्तान बसवत होते तेव्हा अक्का दोन वर्षं मामाकडेच राहिलेली. त्या घराबद्दल अक्का कधी बोलायची नाही. पण आईनं भावाच्या मुलाचं नाव काढलं की तिच्या कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या, हे मी शेजारच्या रहाटावर बसून रोज बघत होते.

बिजवराकडची माणसं संक्रांतीपर्यंत थांबायला तयार होती. आईनं मला पुढं बसवलं, दौत-टाक दिला आणि म्हणाली, "मामाला पत्र लिही."

मी म्हटलं, "पंतुलु चांगलं लिहितील की."

"घरात लिहिणारी असताना घरातली गोष्ट गावात कशाला सांगू?" आई म्हणाली. "मामानं नाही म्हटलं तर अक्काची चर्चा दारोदार होईल."

आता सांगायचं होतं, की मला येत नाही. अक्का समोर बसली होती. नायना माग थांबवून ऐकत होते. माझी जीभ उचलली नाही. मग मी मराठी शाळेतली बालबोध अक्षरं घेतली आणि आई तेलुगूत जे जे बोलली, ते ते त्या अक्षरांत लिहीत गेले. आई सांगत होती, "तुझ्या मुलासाठी माझी मोठी हवी असेल तर संक्रांतीच्या आत ये. इथं एक स्थळ दारात बसलंय. तू आला नाहीस, उत्तर धाडलं नाहीस, तर तुला नको आहे असं समजेन. मग मला बोल लावू नकोस." मी एक शब्द गाळला नाही की बदलला नाही. तेवढा प्रामाणिकपणा होता माझ्यात.

आईनं कागद हातात घेऊन बघितला. "आपली अक्षरं गोल असतात म्हणे," ती म्हणाली.

"आता अशी पण काढतात," मी म्हणाले.

खोटं होतं, पण एक सांगते. मामाला ते वाचता येणार नाही असं मला खरंच वाटलं नव्हतं. मामा अडाणी हे माहीत होतं, पण तिथं कुणीतरी वाचून दाखवेल की. सोलापुरात जो शिकलेला तो बालबोध वाचतोच. ज्या गावात ती अक्षरं कुणीच ओळखत नाही असं गाव असतं, हे माझ्या डोक्यात कसं येणार? माझ्या आईबापाचं गाव ते, पण मी ते धड बघितलेलं नव्हतं.

आईनं कागदाच्या चारी कोपऱ्यांना हळद लावली, लग्नाची गोष्ट म्हणून. पोस्टातल्या कारकुनानं वर इंग्रजीत पत्ता लिहून दिला. पत्र गेलं.

त्यानंतरचे दोन महिने मला आठवायला नको वाटतात. पोस्टमन गल्लीत शिरला की अक्काचा रहाट थांबायचा. तो पुढं गेला की पुन्हा सुरू. तिनं एकदाही काही विचारलं नाही. संक्रांत आली, गेली. आई एक दिवस चुलीपुढं बसून म्हणाली, "नको म्हणायचं तर एक ओळ लिहायला काय झालं होतं त्याला?" माघात अक्का गल्लीतल्याच त्या घरात गेली. जाताना रडली नाही. मला वाटलं, बरं झालं, फार मनाला लावून घेतलं नाही तिनं. दहा-अकरा वर्षांच्या पोरीची अक्कल ती.

उगादीच्या, म्हणजे पाडव्याच्या, आठवडाभर आधी मामा आला.

खांद्यावर गाठोडं, गाठोड्यात हिरवं लुगडं आणि बांगड्या. शेजारच्या मराठी काकूंना आमच्या घरातलं सगळं माहीत असायचं. त्या दारातच म्हणाल्या, "आता आलाय व्हय? वरातीमागनं घोडं की वो हे." मामाला मराठी कळत नव्हती. तो हसून त्यांना हात जोडून आत आला, बसला, पाणी प्यायला आणि बंडीच्या खिशातून पत्र काढून माझ्यापुढं धरलं. "हे वाच गं पोरी. आमच्या गावात कुणाला लागेना. पटवाऱ्याला दाखवलं, बाजारच्या गावात देवळातल्या भटजीला दाखवलं. पोस्टवाला म्हणाला, सोलापूरचं आहे, एवढं खरं."

मग स्वतःच सांगायला लागला. मयताचं पत्र असलं की कोपरा फाडलेला असतो. याचे चारी कोपरे धड, वर हळद. म्हणजे चांगलीच बातमी. मग घाई कशाला? ज्वारी काढली, मळणी केली, आणि रिकाम्या हातानं कसं जायचं म्हणून लुगडं घेऊन आलो. "तुझ्या मोठीला मागायला आलोय," तो आईला म्हणाला.

"माघात लग्न झालं रे तिचं," आई भिंतीला टेकत म्हणाली.

मामानं मला पुन्हा सांगितलं, वाच. मी वाचलं. बालबोध अक्षरांतून आईची तेलुगू जशीच्या तशी बाहेर आली, तिची थांबायची जागासुद्धा. "तू आला नाहीस, उत्तर धाडलं नाहीस, तर तुला नको आहे असं समजेन." मामा म्हणाला, "अजून एकदा वाच." मी अजून एकदा वाचलं. तो म्हणाला, "मी तर हे रोज उघडून बघत होतो गं."

माग थांबला होता. नायनांनी विचारलं, "दोन वर्षं वर्गात काय करत होतीस?"

"झोपत होते," मी म्हणाले.

त्यांनी मला मारलं नाही. मी किती वाजता उठते हे त्यांना माहीत होतं, कारण उठवणारे तेच. ते पुन्हा मागावर बसले, पण त्या दिवशी माग काही धड चालला नाही. मारलं असतं तर सुटले असते मी.

अक्काला कुणीतरी सांगितलं मामा आलाय. ती सवतीचं मूल कडेवर घेऊन येताना गल्लीच्या तोंडाशी दिसली, तेव्हा आई घाईनं म्हणाली, "तिला सांगायचं नाही. कुणीच नाही. ती आता तिथं रुळतेय. तिला कळलं की मागणी होती, तर त्या घरात ती एक दिवस सुखानं राहील का? त्यापेक्षा मामाला नको होती असंच समजू दे." आणि मला म्हणाली, "तू शब्द दे." मी दिला. आपलेच दात, आपलेच ओठ.

मामानं काही वाद घातला नाही. अक्का आली, त्याच्या पाया पडली, पण मान वर केली नाही. त्यानं ते लुगडं तिच्या हातात दिलं, भाचीच्या लग्नाचा आहेर म्हणून. ती म्हणाली, "कशाला एवढा खर्च केलात?" परक्याला म्हणावं तसं म्हणाली. मामा हिरव्या काठाकडे बघत बसला. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं गेला, सणाला सुद्धा थांबला नाही.

त्यानंतर मी पंतुलूंपुढं जाऊन बसले. तेलुगू अक्षरं मला तीन आठवड्यांत आली. तीन आठवड्यांचं काम होतं ते.

पुढं मी मराठी शाळेत मास्तरीण झाले. आई गेली. गल्लीतली सगळी तेलुगू पत्रं माझ्याकडे वाचायला यायची, कधी कधी शाळेतून आल्यावर पाणी प्यायच्या आधी. मी कुणाला नाही म्हणत नव्हते. असंच एक दिवस मामा गेल्याचं पत्र आलं. त्याच्या मुलानं लिहिलं होतं. मी अक्काला निरोप धाडला. ती सुताला लावायच्या खळीचे हात तसेच घेऊन आली आणि उंबऱ्यावर बसली.

मामा कसा आजारी पडला, किती दिवस झोपून होता, हे मी वाचलं. मग पुढच्या ओळी आल्या. "शेवटी शेवटी ते म्हणत होते, त्या वर्षी मी पत्र हातात धरून बसलो, तसाच निघालो असतो तर सोलापूरची पोर आज या घरात असती. मी तिला नको म्हटलं नव्हतं, हे तिला सांगा."

त्या ओळी मी मनात वाचल्या. आईला शब्द दिला होता. पण शब्दाचं नुसतं निमित्त, आई तर राहिली नव्हती. मला अक्काच्या तोंडाकडे बघायची भीती वाटली. मी त्या ओळींवरून खाली उतरले आणि दहाव्या-बाराव्याचं वाचायला लागले.

अक्का हाताची खळ खरवडत ऐकत होती. संपल्यावर म्हणाली, "माझ्यासाठी काही?"

मी म्हणाले, "नाही."