तावडेचं पहिलं मत

इलेक्शन इथं चार-पाच वर्षांनी येतं, आठ-दहा दिवसांत आटपतं. किस्से मात्र पुढच्या इलेक्शनपर्यंत पुरतात! आमचं टेबल यिशुनच्या हॉकर सेंटरमधलं, म्हणजे छपराखालच्या खाऊगल्लीतलं. आम्ही तीन म्हातारे, जन्म बोटीच्या इंजिनरूममध्ये गेला, मग सिंगापूरचे सिटिझन झालो.

*

मतदान इथं सक्तीचं. केलं नाही तर यादीतून नाव उडतं. आमच्या तावडेनं पहिल्या मतदानाला नवाकोरा शर्ट शिवला. तर आमच्या भागात सरकारी पार्टीच्या विरोधात कुणी उभंच राहिलं नाही! मतदानच नाही.

मी म्हटलं, "तावड्या, अभिनंदन! घरबसल्या निवडून आणलंस!"

तो शर्ट त्यानं मेव्हण्याच्या लग्नात घातला.

*

मग एकदा मतदारसंघच बदलला. आम्ही कुठं हललो नाही. फ्लॅट तोच, लिफ्ट तीच, नकाशावरची रेघ सरकली.

तावडेवहिनी म्हणाल्या, "एवढं हलवलंच, तर समुद्र दिसेल असं तरी हलवायचं!"

*

या वेळी समोर दुसरी पार्टी उभी राहिली. तावडे त्यांच्या सभेला गेला. टोपी, मास्क, काळा चष्मा! मुलगा सरकारी नोकरीत, प्रमोशन तोंडावर. कुणी फोटो काढला तर?

"टाळ्या तरी वाजवल्यास का लेका?"

"वाजवल्या की. मनात!"

*

मतपत्रिकेवर नंबर असतो, त्यावरून मत कुणाचं ते कळेल अशी लोकांना धास्ती. मत गुप्तच राहतं, असं सगळे सांगतात. तावडेही सांगतो, फक्त हळू आवाजात.

मत देऊन टेबलावर आला तो घामाघूम. "दिलं रे. जन्मात पहिल्यांदा मनासारखं दिलं." बहात्तराव्या वर्षी!

आता माझ्यासारख्याला गप्प बसवतंय होय! दुपारी नातीच्या फोनवरून त्याला कॉल लावला. आवाज जाड केला, इंग्लिश साहेबी. "मिस्टर तावडे? इलेक्शन ऑफिस. अबाउट युवर व्होट..."

पुढचं काय बोलायचं ते मला सुचायच्या आत तो सुरू, "सॉरी सर. माय मिस्टेक सर. माय सन डोन्ट नो एनिथिंग सर. प्लीज सर."

मला हसूच येईना. "अरे तावड्या, मी रे! मी! गंमत केली!"



मग हळूच मराठीत म्हणाला, "किती वर्षं कामाला आहेस रे तू त्यांच्याकडे?"