नळ बंद होण्याचा आवाज

माझी मावशी भुतांचे आवाज काढते. म्हणजे पडद्यावर भूत चालतं, तेव्हा माइकसमोर मावशी चालते. जुन्या चपला, किल्ल्या, कड्या, ओली फडकी यांनी भरलेल्या एका बंद खोलीत तिने बावीस वर्षं काढली. काचेपलीकडे मी बसते आणि तिचे आवाज रेकॉर्ड करते. स्टुडिओत तिला सगळे ‘खडखड मावशी’ म्हणतात.

यंदा एका परदेशी भयपटाचा रिमेक आमच्याकडे आला. निर्माता म्हणाला, “मूळ सिनेमाचे आवाज हक्कांसोबत आयतेच मिळालेत. तेच चिकटवू.”

म्हणजे मावशीच्या खोलीला कुलूप.

मावशीने ते आवाज आमच्या सिनेमावर लावून पाहिले. नायिकेच्या घरात बिजागरीचं दार, आणि ऐकू येत होतं सरकतं दार. भूत चालत होतं फरशीवर, आवाज येत होता चटईचा.

“अहो, हे भूत पाहुणं आलंय का? चटई घेऊनच फिरतंय!”

निर्माता हसला, पण हटला नाही. शेवटी एवढंच कबूल केलं: एक प्रसंग मावशीने करायचा आणि शुक्रवारी दुपारी चाळीस लोकांना दाखवायचा. घाबरले तर मावशी राहणार, नाहीतर आयते आवाज.

प्रसंग साधा होता. नायिका घरात एकटी, आणि स्वयंपाकघरात नळ ठिबकतोय. मूळ सिनेमात ते ठिबकणं वाढत जातं.

“ठिबकण्याला कोण भितं?” मावशी म्हणाली. “माझा नळ चार वर्षं ठिबकतोय. भीती वाटते ती प्लंबरची. पण घरात आपण एकटे असताना कुणी तो घट्ट बंद केला तर?”

तीन दिवस तिने अकरा नळ पिळून पाहिले.

“मावशी, तोटीची किरकिर जरा वाढवू का?” मी विचारलं.

“हात तर लाव, कान उपटते.”

शुक्रवारी आम्ही दोघी शेवटच्या रांगेमागे उभ्या राहिलो. ठिबक. कुणीतरी कुरकुरीत काहीतरी खात होतं. ठिबक. मग तोटी फिरल्याची बारीकशी किरकिर, आणि शांतता.

कुणीच किंचाळलं नाही. मावशीने माझं मनगट आवळलं. “गेलं गं सगळं.”

पण खाण्याचा आवाजही थांबला होता. मधल्या रांगेतल्या एका आडदांड माणसाने दोन्ही पाय खुर्चीवर ओढून घेतले होते.

“अहो, पाय खाली घ्या, लोक बघतायत,” त्याची बायको कुजबुजली.

“तू घे आधी!”

पडद्यावर दिवा लागला, तेव्हा कुठे सगळ्यांनी श्वास सोडला.

निर्माता कपाळ पुसत आमच्याकडे आला. “उरलेला सिनेमाही तुम्हीच करा, मावशी.”

मावशीने गंभीरपणे मान डोलावली. बाहेर येऊन जिन्याच्या पायरीवर बसली आणि डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. “अगं, त्या चाळीस जणांपेक्षा मीच जास्त टरकले होते!”