काल म्हणजे काय?

शरदकाका कधी काही मागणाऱ्यांतले नव्हेत. चहात साखर घालायची राहिली तरी गुपचूप पिऊन टाकतील. बँकेने जिथे पाठवलं तिथे तक्रार न करता गेले, शेवटची बदली कोलकात्याला झाली आणि निवृत्तीनंतर बालीगंजलाच राहिले. असा माणूस पक्षाघाताने पडल्यावर एकच शब्द धरून बसला, "काल."

सुहासिनीमावशी, म्हणजे त्यांची बायको, घाबरीघुबरी होऊन सांगत राहिली, "अहो, काल तुम्ही मऊ भात खाल्लात. काल पुण्याहून फोन आला." काका संतापून डाव्या हाताने पलंग बडवायचे. "काल! काल!"

दिवसभर सांभाळायला येणारी कालिंदीदी बंगाली. बंगालीत 'काल' उद्यालाही म्हणतात. काकांना उद्या कुठेतरी जायचंय असं तिने ठरवून टाकलं. "हॅं दादा, काल जाबो," ती समजूत घालायची. काका आणखीच चिडायचे.

मावशीच्या मनात मात्र तिसराच अर्थ होता. मी, तिची भाची, मदतीला येऊन राहिले होते. स्वयंपाकघरात मला ओढून म्हणाली, "यांना काळ दिसतोय का गं?" मी तिच्यावर खेकसले. पण रात्री मीही दोनदा उठून काकांचा श्वास चालू आहे ना ते पाहिलं.

असे तीन दिवस गेले. चौथ्या दिवशी सकाळी लघवीची नळी बदलायला नर्स आली, कोइमतूरची. काका 'काल' पुटपुटले मात्र, तिने पायांवरची चादर बाजूला केली. उजवी पोटरी सुजून टणक झाली होती.

"काल मतलब पैर," ती म्हणाली. "तमिळ में."

काकांचे वडील रेल्वेत होते. दहा वर्षांचे होईपर्यंत काका तिरुचीला वाढले, हे मावशीला माहीत होतं. पण लग्नानंतर तिने त्यांच्या तोंडून तमिळचा एक शब्द ऐकला नव्हता. आता मराठी गेली होती आणि तेवढंच उरलं होतं.

पायातल्या शिरेत गुठळी होती. आम्ही त्यांना तसंच हॉस्पिटलात नेलं. डॉक्टर म्हणाले, फुप्फुसापर्यंत गेली असती तर काही खरं नव्हतं. अजून दोन दिवस धोका आहेच.

मावशीने तिथूनच त्या नर्सला फोन लावला. मग कॉरिडॉरभर तोंडातल्या तोंडात घोकत आत गेली आणि काकांच्या कानाशी वाकली.

"वलिक्कुदा?" दुखतंय का?

काकांनी तिच्याकडे पाहिलं आणि हो म्हणून मान हलवली. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं.

मावशीने त्यांचा डावा हात धरला. "तुम्ही दुखतंय म्हणत होतात," ती रडत म्हणाली, "आणि मी तुम्हाला भाताचं सांगत होते."