गेल्या वर्षीच्या खुणा

ओटिस प्रुएट वारला तेव्हा आमच्या एल्डर क्रीकच्या वर्तमानपत्राने चार ओळी छापल्या. न्हावी होता, चर्चची घंटा वाजवायचा, बायको आधीच गेली. फुटबॉलचा उल्लेखही नव्हता. बरंच झालं म्हणा. गावात ओटिस आणि फुटबॉल ही नावं एकत्र आली की कोणीतरी म्हणतंच, "हातातोंडाशी आलेला घास घालवला लेकाने!" असं म्हणणाऱ्यांतले निम्मे तेव्हा जन्मलेही नव्हते. त्यांचं बोलायला काय जातंय? मी तिथे होतो, संघाच्या डाव्या टोकाला.

१९०८ साल. ओटिस आमच्या कॉलेजच्या संघाचा कप्तान. आमचा अमेरिकन फुटबॉल म्हणजे चेंडू हातात घेऊन, समोरच्या फळीला धडका देत त्यांची रेषा ओलांडायची. बाप न्हावी आणि पोराच्या झिपऱ्या मानेवर, म्हणून सगळे त्याची चेष्टा करायचे. पण झिपऱ्या आम्ही सगळ्यांनीच राखलेल्या. कातडी टोपी घालणं आम्हाला बायकी वाटायचं. टक्कर बसली तर डोक्याला केसांचीच काय ती गादी. उन्हाळ्यापासून कोणी कात्री लावायची नाही आणि शेवटचा सामना आटोपला की अख्ख्या संघाने प्रुएटच्या दुकानात जाऊन केस उतरवायचे, असा रिवाजच होता.

त्या मोसमात आम्ही सामन्यामागून सामना जिंकत गेलो. उरलं ते कॉर्बिन कॉलेज, आणि कॉर्बिनला आम्ही जन्मात हरवलं नव्हतं. थँक्सगिव्हिंगच्या सणाचा दिवस होता. बायकांनी टर्की भट्टीत सरकवल्या आणि सगळं गाव मैदानाच्या दोराला येऊन चिकटलं. गंमत वाटावी असा तो मोसम नव्हता मात्र. पलीकडच्या जिल्ह्यातला एक मुलगा महिन्यापूर्वीच मैदानावर कोसळला होता, तो उठलाच नाही. त्याचं नाव कोणी काढायचं नाही असं आम्ही न बोलता ठरवून टाकलं होतं.

आमचे बदली खेळाडू मध्यंतरापर्यंत जायबंदी होऊन संपले. आता जो बाहेर जाईल त्याच्या जागी कोणी नाही, आणि गेलेल्याला परतही येता येत नाही. कोचने काठावरून तोंड उघडलं तर संघाला दंड. म्हणजे जे काय ठरवायचं ते कप्तानाने.

शेवटची मिनिटं आली. कॉर्बिन चार, आम्ही शून्य. चेंडू त्यांच्या रेषेपासून तीन पावलांवर आणि आमच्या हातात तीन धडका. एकदा रेषा ओलांडली की पाच गुण, म्हणजे जिंकलो. आमच्या फळीचा मधला खांब लेम स्टॉडर्ड, वीटभट्टीवाल्याचा मुलगा, ओटिसचा लहानपणापासूनचा जिवलग. आधीच्याच झटापटीत त्याच्या डोक्यात कोणाचा तरी गुडघा बसला होता. तो उठला, हसला आणि जागेवर जाऊन वाकला.

ओटिसने खुणेचे आकडे ओरडून सांगितले. सम आकडा म्हणजे उजवीकडे. आम्ही सगळे उजवीकडे घुसलो आणि लेम एकटाच डावीकडे. चेंडू घेऊन धावणारा ह्यूब त्या भगदाडात चिरडला.

"मेल्या, झोपलास काय?" ह्यूब खेकसला.

लेम नुसता हसला. दुसऱ्या धडकेला पुन्हा तेच. एक हातही पुढे सरकलो नाही.

ओटिसच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. "हा गेल्या वर्षीच्या खुणांवर खेळतोय," तो हळूच म्हणाला. खुणा दर मोसमाला बदलायच्या. गेल्या वर्षी सम म्हणजे डावीकडे होतं.

"मग बरंच की!" ह्यूब पुटपुटला. "गेल्या वर्षीच्याच खुणा दे. आपल्याला सगळ्यांना पाठ आहेत. एक धडक, ओटिस. एकच! मग झोपू दे त्याला आठवडाभर."

बाकीच्यांनी माना डोलावल्या. ओटिसने काठाकडे पाहिलं. कोच हार्कर हॅट छातीशी धरून उभे होते, ओठ घट्ट मिटलेले. पंच ओरडला, "चला, आटपा!"

"लेम," ओटिसने विचारलं, "बरा आहेस ना?"

"मला काय धाड भरलीय? ओटिस, आई कुठे बसलीय रे? शाल घेऊन ये म्हटलं होतं तिला. गारठा केवढा आहे."

लेमची आई मार्चमध्ये गेली होती. तिच्या पेटीला ओटिसने आणि मी खांदा दिला होता.

ओटिसने हात वर करून खेळ थांबवला. "लेम बाहेर जातोय."

"मला काढतोस? मला?" लेमने ठोसा हाणला. ओटिसचा ओठ फुटला, पण त्याने लेमचा दंड सोडला नाही. दुसरा दंड मी धरला होता. ओटिस त्याच्या कानाशी लागून दोन वाक्यं बोलला आणि लेमची मूठ आपोआप खाली आली. शाळेत निघालेल्या पोरासारखा तो आमच्याबरोबर चालत बाहेर गेला.

आम्ही दहा जण परत वाकलो. ह्यूब घुसला, आणि वीतभर कमी पडलो. शिट्टी वाजली.

"शेपूट घातलंस, न्हाव्या!" दोरामागून कोणीतरी ओरडलं. मग सगळेच ओरडू लागले.

त्या संध्याकाळी दुकानात म्हाताऱ्या प्रुएटने वस्तरे परजून ठेवले होते. मी एकटा गेलो, दुसरं कोणी फिरकलं नाही. लेम पडदे ओढलेल्या खोलीत कितीतरी दिवस पडून होता. आणखी एक धक्का बसला असता तर पेटीच मागवावी लागली असती, असं डॉक्टर म्हणाले. गावाने ते या कानाने ऐकलं, त्या कानाने सोडलं. आईची गोष्ट मात्र ओटिसने आम्हाला कोणालाच बोलू दिली नाही. "आई गेल्याचं त्याला पुन्हा एकदा ऐकवायचं का?" एवढंच म्हणाला.

मग कात्री घेऊन तोच लेमच्या घरी गेला. लेमला सामन्यातलं काहीही आठवत नव्हतं.

"मी ठणठणीत होतो," लेम कुरकुरला. "जुन्या खुणा दिल्या असत्यास तर जिंकलो असतो की, गाढवा!"

"मान खाली कर," ओटिस म्हणाला.

पुढे दुकान ओटिसकडे आलं. लेम जन्मभर त्याच्याकडेच केस कापायचा आणि त्याच खुर्चीत बसून त्याच सामन्यावरून त्याला शिव्या घालायचा. ओटिसचं उत्तर ठरलेलं, मान खाली कर. मला कित्येकदा संताप यायचा, वाटायचं ओरडून सांगावं. पण ओटिस आरशातून माझ्याकडे असा बघायचा की मी गप्प बसायचो.

शेवटी ओटिस दोन-तीन महिने अंथरुणाला खिळला, दुकान बंद पडलं. त्याला मूठमाती दिल्यावर लेमने मला फाटकाजवळ गाठलं.

"आता तरी सांग. त्या दिवशी तू माझा दंड धरला होतास म्हणे. मी काय बोललो होतो?"

"आई कुठे बसलीय, असं विचारलंस."

"मार्चमध्ये तर ती..."

"हो."

"मग तो काय म्हणाला?"

"म्हणाला, ती फाटकापाशी उभी आहे, शाल घेऊन. चल, तुला तिच्यापर्यंत सोडतो."

"आणि मी गेलो?"

"मुकाट्याने गेलास."

लेमने हॅट काढली आणि मानेवरून हात फिरवला. केस खूपच वाढले होते.