कुसुमताईंची निळी वही

भगवंतराव बिरादारांना मराठी वाचता येत होतं, पण सावकाश. त्यांचं सगळं शिक्षण निजामाच्या काळातलं, उर्दूतून झालेलं. घरात मराठी, गावच्या बाजारात कानडी आणि पाटीवर उर्दू, असं ते भालकीकडचं लहानपण. पुढे हैदराबादेत जमिनीच्या जुन्या दस्तऐवजांच्या कचेरीत लागले. तिथल्या पिवळ्या पडलेल्या उर्दू कागदांचा अर्थ लावणारे हळूहळू निवृत्त होत गेले आणि शेवटी हे एकटेच उरले. अठ्ठावन्नाव्या वर्षी निरोपाचा हार गळ्यात पडला, तरी साहेबांनी आणखी दोन वर्षं त्यांना बोलावून घेतलं.

हाताच्या या सवयीनं ते आयुष्यभर सगळं उर्दू लिपीतच लिहीत आले. वाण्याची यादीसुद्धा. कुसुमताई म्हणायच्या, "तुमची यादी घेऊन मी दुकानात गेले तर किराणा मिळायचा नाही, तावीज मिळेल."

अठ्ठ्याण्णवच्या उन्हाळ्यात कुसुमताईंच्या पोटातल्या दुखण्याचं नाव कळलं. डॉक्टरांनी पाच-सहा महिने सांगितले. भगवंतरावांनी कचेरीतली एक कोरी, निळ्या पुठ्ठ्याची लांबट वही काढली आणि औषधांच्या वेळा लिहायला घेतल्या. किती वाजता गोळी, किती वाजता उलटी, ताप किती. पंधरा दिवसांनी कुसुमताईंनी विचारलं, "माझ्या उलट्याच लिहिताय होय? मी बोलते ते पण लिहा की. नंतर विचारायला कुठं येणार आहात?"

तेव्हापासून ते लिहू लागले. कुठलं लोणचं आधी संपवायचं, कुठली साडी कुणाला द्यायची, इथपासून सुरुवात झाली. मग दुखतं कसं, भीती कशाची वाटते, माहेरच्या विहिरीवर कोण बुडालं होतं, असं काहीही. त्या मराठीत बोलत आणि यांची लेखणी उजवीकडून डावीकडे धावत राही. भाद्रपदात त्या गेल्या, तेव्हा वहीची अकरा पानं कोरी होती.

घरात हे कुणाला माहीत नव्हतं. गौतम, त्यांचा एकुलता मुलगा, इंग्रजी शाळेत शिकलेला. मराठी तो दुकानाच्या पाटीइतपत वाचायचा आणि उर्दू त्याला ओळखूही यायची नाही. त्याची बायको अनुराधा पुण्याची. दोघंही सॉफ्टवेअरमध्ये. सासरे रोज संध्याकाळी कसल्याशा कागदांत डोकं घालून बसतात ते तिला लांबून दिसायचं, पण कचेरीची जुनी सवय असेल, असं ती समजली; ते उर्दूत लिहितात हे तिला ठाऊकच नव्हतं.

आपले वडील गेले तेव्हा अनुराधाला पुस्तकांनी सावरलं होतं. म्हणून सासूबाईंच्या तेराव्यानंतर तिनं आबिद भागातल्या फुटपाथवरच्या रविवारच्या पुस्तकबाजारातून आणि पुण्याहून पुस्तकं जमवली. मृत्यूबद्दलची, मरणाऱ्या माणसाच्या सोबतीबद्दलची, मागं राहिलेल्यांच्या दुःखाबद्दलची. तीन इंग्रजी, चार मराठी. ती सासऱ्यांच्या उशाशी ठेवली.

"बापू, वाचून बघा. बरं वाटेल."

"वाचतो की. ठेव तिथं."

त्यांनी सातही पुस्तकांना वर्तमानपत्राची कव्हरं घातली, नीट, कोपरे दुमडून. वाचलं एकही नाही. अनुराधा पान उघडून बघायची, खुणेचा कागद पहिल्या पानातच. तिला ते लागायचं. गौतमला ती म्हणालीही, "त्यांना कुणाचं काही नकोच आहे. दुःखसुद्धा एकट्यालाच हवंय."

पुढच्या फाल्गुनात बरकतपुऱ्याचं राहतं घर बिल्डरला दिलं. तिथं पाच मजली अपार्टमेंट उभं राहणार होतं. तोवर आणि बहुधा नंतरही, शहराच्या दुसऱ्या टोकाला, कुकटपल्लीच्या फ्लॅटमध्ये राहायचं ठरलं. गौतमला सुट्टी मिळाली नाही. अनुराधानं आठवडाभराची रजा काढली आणि घर आवरायला घेतलं. भगवंतराव मोलकरणीला द्यायची भांडी काढण्यात गुंतले होते. त्यांची लोखंडी ट्रंक अनुराधानं उघडली. तळाशी उर्दू वर्तमानपत्रांची चळत, दोन फाटकी पुस्तकं आणि ती निळी वही. सगळं एकाच लिपीतलं. तिला वाटलं, कचेरीतल्या कुणा मुसलमान स्नेह्यानं ठेवायला दिलेलं असेल. धर्माचं काही असलं तर? रद्दीत घालायचा तिला धीर होईना. तिनं समोरच्या इमारतीच्या वॉचमनला विचारलं.

"रद्दी में नक्को डालो, अम्मा. मस्जिद के बाजू हरा डब्बा है. उसमें डाल देव. वो लोगां अदब से ठंडा करते, मिट्टी में गाड़ते."

अनुराधानं डोक्यावरून ओढणी घेतली आणि सगळं दोन्ही हातांनी त्या पत्र्याच्या डब्यात सोडलं. घरी येताना आपण एक गोष्ट तरी नीट केली, असं तिला वाटलं.

हे रविवारी झालं. बुधवारी सकाळी, कुकटपल्लीच्या तिसऱ्या मजल्यावर, भगवंतरावांनी ट्रंक दोनदा रिकामी करून दोनदा भरली. मग स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले.

"सूनबाई, यात माझी एक निळी वही होती."

"ती उर्दूतली?" अनुराधानं गॅस बारीक केला. "ती मी मशिदीपाशी पवित्र कागदांचा डबा असतो ना, त्यात ठेवली. मला वाटलं, तुमच्या कुणा मित्राची असेल. रद्दीत नाही घातली, बापू."

भगवंतराव खुर्ची ओढून बसले. चष्मा काढून त्यांनी त्याची काडी उघडली आणि मिटली.

"तुझ्या सासूची होती ती," ते म्हणाले.

"आईंना उर्दू येत होतं?"

"नाही. ती बोलायची. मी लिहायचो."

अनुराधानं गॅस बंद केला. कढईतली भाजी तशीच ठेवून तिनं पायांत चपला घातल्या. भगवंतराव आधीच जिन्यावर होते, कठडा धरून एकेक पायरी उतरत.

दोघं रिक्षानं बरकतपुऱ्याला निघाली. ते रागावले असते तर तिला सोपं गेलं असतं. अमीरपेटच्या सिग्नलला एवढंच म्हणाले, "तो डबा भरला की मशिदीतले लोक रिकामा करतात."

डबा रिकामाच होता. मशिदीच्या आवारात जहीर मियाँ नावाचे एक वयस्कर गृहस्थ नळाखालचा ओटा धूत होते. भगवंतरावांना ते चेहऱ्यानं ओळखत होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"कल खाली किये साब. तीन बोरे है अंदर. अब कल सुबू ले जाके मिट्टी देते. आप बैठो, घुटने का दर्द दिख रहा आपका. बेटी को भेजो."

भगवंतराव नळाजवळच्या दगडावर बसले. आवाराच्या टोकाला एक लहानशी खोली होती. जहीर मियाँनी पोती एकेक करून सोडली. अनुराधा उंबऱ्याशी बसून त्यांनी पुढं केलेला कागद न् कागद हातात घेऊन बाजूला ठेवत होती. जुनी कॅलेंडरं, फाटकी पाठ्यपुस्तकं, लग्नपत्रिका. दुसऱ्या पोत्याच्या मध्यावर निळा पुठ्ठा दिसला.

"हीच," ती म्हणाली आणि हात पुढं केला.

"जरा ठैरो बेटी. देखना पडता, पाक कलाम तो नहीं." जहीर मियाँनी चष्मा चढवला, मधलंच एक पान उघडलं आणि एकेक अक्षर लावत मोठ्यानं वाचू लागले. दोन ओळींनी थांबले. "हुरूफ तो हमारे है, अलिफ-बे सब. जबान कौनसी है ये?"

"आमची," अनुराधा म्हणाली. "वाचा ना. पढो."

ते वाचत गेले, अडखळत, शब्द भलतीकडं तोडत. त्यांना अर्थ कळत नव्हता आणि तिला अक्षर कळत नव्हतं. तरी ती पोत्याला टेकून बसली आणि तिला कुसुमताई ऐकू येऊ लागल्या.

"आज दुखणं कमी. लोकांना रात्रीची भीती वाटते, मला दुपारची वाटते. तुम्ही झोपता, सूनबाई कामावर, घर गप्प. तेव्हा वाटतं, मी गेल्यावर घर असंच असेल, हे मला आत्ताच दिसतंय. मग मी मुद्दाम भांडं पाडते. तुम्ही म्हणता, काय पडलं. बरं वाटतं."

जहीर मियाँनी पान उलटलं.

"सूनबाईची भाजी अळणी असते. तुम्ही मीठ मागू नका. पोर दमून येते न् करते. तिचा बाप गेला तेव्हा ती इथं नवी होती, मी तिच्याजवळ बसायला पाहिजे होतं. मला सुचलं नाही. ती पुस्तकं वाचत बसायची. मला वाटलं, पुस्तकं वाचते म्हणजे बरी आहे."

"समझ में आया, बेटी?" जहीर मियाँनी विचारलं.

"हौ," अनुराधा म्हणाली. हैदराबादेतल्या तीन वर्षांत हा इथला होकार तिच्या तोंडातून पहिल्यांदाच आला.

वही तिनं ओढणीत धरून आणली आणि सासऱ्यांच्या मांडीवर ठेवली. त्यांनी उघडली नाही. पुठ्ठ्यावरची धूळ तळहातानं पुसली, पुन्हा पुसली. जहीर मियाँनी दोघांना पाणी आणून दिलं.

त्या दिवशी जेवायला चार वाजले. अनुराधानं सकाळची भाजी गरम केली, ताट वाढलं आणि मिठाची वाटी भगवंतरावांच्या उजव्या हाताशी ठेवली. त्यांनी वाटीकडं पाहिलं, मग तिच्याकडं.

"मियाँनी मोठ्यानं वाचलं वाटतं."

"हो. तुम्ही माझ्याजवळ बसून वाचाल का, बापू? मी मराठी अक्षरांत उतरवून घेते."

त्यांनी चिमूटभर मीठ घेतलं. "दुपारी वाचत जाऊ," ते म्हणाले.

मग शनिवारी-रविवारी दुपारी ते वाचत आणि ती आपल्या एका नव्या वहीत लिहून घेई. एखाद्या ओळीला दोघं हसत. एखाद्या ओळीनंतर वही मिटून ठेवावी लागे. गौतम पहिले काही रविवार टीव्हीसमोर बसून होता. मग तोही येऊन भिंतीला टेकून बसू लागला. वर्षभरानं वही संपली. फक्त लिहिलेल्यांपैकी शेवटची चार पानं भगवंतरावांनी वाचली नाहीत.

"ही नकोत," ते म्हणाले. "ही माझी आहेत."

भगवंतराव दोन हजार चारच्या हिवाळ्यात गेले. अनुराधाला त्यांच्या तेराव्यानंतर कुणी पुस्तकं आणून दिली नाहीत, तिनंही आणली नाहीत. दोन्ही वह्या तिच्या कपाटात आहेत. निळ्या वहीतली ती चार पानं अजून उर्दू लिपीतच आहेत. जहीर मियाँ अजून तिथंच असतात, आणि कुकटपल्लीहून बरकतपुऱ्याला जायला आता थेट बस आहे. ती पानं घेऊन अनुराधा गेलेली नाही.